परक्या पावसाच्या नद्या

पुणे जिल्ह्याच्या पूर्वेकडील शिरूर आणि दौंड हे दोन तालुके पावसाच्या बाबतीत दरिद्री आहेत. सह्याद्रीने अडवलेल्या मेघांचा उरलासुरला शिडकावा तेवढा येथवर पोहोचतो. वर्षाकाठी पाचशे मिलिमीटरांच्या आसपास पाऊस, आणि तोही कधी येतो, कधी पाठ फिरवतो. या प्रदेशाला पर्जन्यछायेचा प्रदेश म्हणतात. एवढे असूनही या दोन तालुक्यांना नद्यांची मात्र वाण नाही. उत्तरेकडून घोड आणि तिला मिळणारी कुकडी, मधून वेळ, दक्षिणेकडून मुळा-मुठा, आणि या सर्वांना पोटात घेणारी भीमा. शिरूर तालुका तर घोड आणि भीमा यांच्या दुआबातच वसलेला आहे. त्याच्या दक्षिण सीमेवरून वाहणारी भीमा ओलांडली की दौंड तालुका लागतो.

नद्या आहेत, पण त्यांचे पाणी येथले नाही. येथून शे-सव्वाशे किलोमीटर पश्चिमेला, सह्याद्रीच्या माथ्यावर पडलेला पाऊस या नद्या घेऊन येतात. शिरूर-दौंडचा तीन हजार वर्षांचा इतिहास एका अर्थी परक्या पावसावर संसार मांडणाऱ्या माणसांचा इतिहास आहे. हे पाणी कोणी, कसे आणि कोणाच्या वाट्याचे अडवले, हे पाहिल्याखेरीज तो इतिहास नीट कळत नाही.

भीमा उगम पावते ती भीमाशंकरला, समुद्रसपाटीपासून सुमारे हजार मीटर उंचीवर. त्रिपुरासुराच्या वधानंतर शंकराच्या अंगावरून ओघळलेल्या घामाची नदी झाली, अशी तिची पुराणकथा. भीमाशंकरच्या उत्तरेस आहुपे येथे कड्याच्या माथ्यावर घोड नदीचा उगम आहे, आणि आणखी उत्तरेस नाणेघाटाच्या बाजूला कुकडेश्वराच्या परिसरात कुकडीचा. या डोंगरमाथ्यावर पावसाळ्याच्या चार महिन्यांत तीन हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस कोसळतो, म्हणजे शिरूर-दौंडच्या सहापट. नद्यांनी कोरलेल्या खोऱ्यांना जुन्या कागदपत्रांत नदीच्याच नावाने ओळखतात : कुकडनेर, मिन्नेर, घोडनेर, भीमनेर, भामनेर. नदीचे नाव आणि प्रदेशाचे नाव असे एकजीव झालेले फार थोड्या ठिकाणी आढळेल.

भूगोलाच्या दृष्टीने या नद्यांचे एक आश्चर्य आहे. भीमाशंकरच्या कड्यावरून पश्चिमेकडे पाहिले तर खाली कोकण दिसते आणि अरबी समुद्र पक्ष्याच्या वाटेने साठ-सत्तर किलोमीटरांवर आहे. परंतु भीमा त्या समुद्राकडे पाठ फिरवते, आग्नेयेची वाट धरते, ८६१ किलोमीटर चालून कर्नाटक-तेलंगणाच्या सीमेवर कृष्णेला मिळते, आणि मग कृष्णेच्या सोबतीने बंगालच्या उपसागराला जाते. जपानमधील डोंगरी नद्या याच्या नेमक्या उलट स्वभावाच्या. तेथील कुरोबे नदी सुमारे २,९०० मीटर उंचीच्या पर्वतरांगेत उगम पावते आणि अवघ्या ८५ किलोमीटरांत जपानच्या समुद्रात उडी घेते. सगळी नदी म्हणजे एक लांबलचक धबधबा. तिला अडवण्यासाठी जपानी लोकांनी १८६ मीटर उंचीचे धरण बांधले, ते १९६३ साली पूर्ण झाले, आणि त्या कामात १७१ माणसे दगावली. तेथे नदीचा सारा उतार वीज देतो. आपली भीमा आपला अर्धा उतार पहिल्या काही कोसांतच संपवून टाकते. दौंडजवळ ती समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरांच्या आसपास असते, आणि पुढचा हजारेक किलोमीटरांचा पल्ला तिला तेवढ्या उंचीवर गाठायचा असतो. म्हणून ती दौंडला मंद, रुंद आणि वळणावळणाची होते. कुरोबेचे पाणी वेगाने मोलाचे ठरते. भीमेचे पाणी मोलाचे ठरते ते सावकाशीने. ती जेथून जाते तेथे गाळ टाकते, आणि त्या काळ्या गाळावर माणसे वस्ती करतात.

नदी सर्वत्र सौम्य आहे असे मात्र नाही. शिरूर तालुक्यातील टाकळी हाजी आणि पलीकडच्या काठावरचे पारनेर तालुक्यातील निघोज यांच्यामध्ये कुकडीचे पात्र पाहिले की कोणीही थक्क होईल. काळ्या बेसॉल्टच्या पात्रात नदीने शेकडो रांजण कोरले आहेत. रांजणखळगे हेच त्यांचे नाव, आणि याहून नेमके नाव शोधूनही सापडणार नाही. पुराच्या पाण्यात भोवरा तयार होतो, त्या भोवऱ्यात अडकलेले गोटे एकाच जागी गरगरत राहतात आणि खडक पोखरतात. पुढच्या पावसाळ्यात नवे गोटे येतात, तेच काम पुढे चालू ठेवतात. हजारो पावसाळ्यांनंतर खडकात आत उतरणाऱ्या गुळगुळीत विहिरी झाल्या. दोन्ही काठांवर मळगंगा देवीची स्थाने आहेत. उन्हाळ्यात नदीची धार आटली तरी कुंडातले पाणी टिकते, आणि ज्या मुलखात पाणी टिकते तेथे देवता वसते. हे सांगायला पुराणाची गरज नाही.

याच कुकडीच्या वरच्या अंगाला जुन्नर तालुक्यातील बोरी येथे नदीच्या गाळात ज्वालामुखीची राख सापडली आहे. आपल्याकडील बेसॉल्ट साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा; त्याच्याशी या राखेचा संबंध नाही. ती समुद्रापलीकडून, सुमात्रा बेटावरून वाऱ्याने आली. बऱ्याच अभ्यासकांच्या मते ती सुमारे ७४,००० वर्षांपूर्वीच्या तोबा ज्वालामुखीच्या महास्फोटाची राख आहे. काहींच्या मते ती त्याहून पुष्कळ जुनी आहे. त्याच परिसरात अश्मयुगीन माणसाची दगडी हत्यारेही मिळाली. त्या वादाचा निकाल काहीही लागो, या नद्यांच्या काठी माणूस फार जुना आहे.

घोड नदीच्या उजव्या तीरावर, शिरूर तालुक्यात, इनामगाव नावाचे गाव आहे. नकाशावर शोधावे लागेल असे लहान. परंतु भारतीय पुरातत्त्वाच्या अभ्यासकाला हे नाव ठाऊक नाही असे होणार नाही. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात येथे उत्खनन केले. डॉ. ह. धी. सांकलिया, डॉ. म. के. ढवळीकर आणि डॉ. झैनुद्दीन अन्सारी ही त्यातील प्रमुख नावे. त्यांनी जमिनीखालून एक संपूर्ण गाव वर काढले. इ. स. पूर्व १६००च्या सुमारास येथे पहिले शेतकरी आले आणि इ. स. पूर्व ७००च्या सुमारास शेवटचे निघून गेले. म्हणजे नऊशे वर्षे हे गाव नांदते होते. वाचकांना काळाचा अंदाज यावा म्हणून सांगतो : बायबलमधील दावीद राजा यरुशलेमेत राज्य करीत होता तेव्हा इनामगावचे शेतकरी जव आणि मसूर पिकवीत होते, आणि त्यांच्या गावाला त्याआधीच सहाशे वर्षे होऊन गेली होती.

येथे शंभराहून अधिक घरांचे अवशेष मिळाले. भरभराटीच्या काळात, म्हणजे इ. स. पूर्व १४०० ते १०००च्या दरम्यान, ही घरे चौकोनी, प्रशस्त, कुडाच्या भिंतींची आणि ओळीने मांडलेली होती. एक घर पाच खोल्यांचे आहे आणि त्याच्या शेजारी धान्याचे कोठार. ढवळीकरांनी हे गावप्रमुखाचे घर मानले आणि कोठारात करापोटी गोळा झालेले धान्य ठेवीत असावेत असा तर्क केला. लहान मुले दगावली की दोन घड्यांची तोंडे एकमेकांना लावून त्यांत त्यांना घराच्या जमिनीखालीच पुरीत. मोठ्या माणसांना आडवे पुरताना घोट्याखालचे पाय तोडीत. मेलेल्याने कोठे जाऊ नये, घरातच राहावे, अशी त्यामागची भावना असेल. एका माणसाला मात्र चार पायांच्या मोठ्या मातीच्या रांजणात बसवून पुरले होते, आणि त्याचे पाय शाबूत होते. तो कोण होता याविषयी तर्क करण्यास प्रत्येकजण मोकळा आहे.

पण आपल्या विषयाच्या दृष्टीने इनामगावचा सर्वांत मोलाचा शोध या घरांत नाही. तो गावाच्या कडेला आहे. तेथे उत्खननकारांना एक खोदलेला कालवा मिळाला, सुमारे चार मीटर रुंद आणि साडेतीन मीटर खोल, आणि त्याच्या कडेने दगडमातीचा बांध. घोड नदीच्या पुराचे पाणी वळवून शेताला देण्याची ही व्यवस्था होती, असे ढवळीकरांचे मत. जव हे मुख्य पीक. त्याच्या जोडीला गहू, मसूर, कुळीथ. आता विचार करा. पाचशे मिलिमीटर पावसाच्या मुलखात गहू कसा पिकावा? आहुपेच्या कड्यावर पडलेल्या पावसावर! वरच्या डोंगरात काय आहे हे त्या शेतकऱ्यांना कितपत ठाऊक होते ते सांगता येत नाही, परंतु आभाळ कोरडे असतानाही नदी भरून येते हे त्यांनी पुरते ओळखले होते. त्या एका निरीक्षणावर त्यांनी गाव उभे केले. चिंचणीचे धरण आणि डिंभ्याचा कालवा ही याच निरीक्षणाची अलीकडची रूपे.

इ. स. पूर्व १०००नंतर या गावाला उतरती कळा लागली. प्रशस्त चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या. गव्हाचे प्रमाण घटले, रानातल्या जनावरांची शिकार वाढली, हाडांवर कुपोषणाच्या खुणा दिसू लागल्या. शेतकरी पुन्हा अर्धे भटके झाले. ढवळीकरांनी याचे कारण हवामानात शोधले. पावसाचे मान घटले, नदीचे पूर कमी झाले आणि शेती तगेनाशी झाली. सर्वच अभ्यासक हे एकच कारण पुरेसे मानीत नाहीत. तरी एवढे खरे की, परक्या पावसावर उभे राहिलेले गाव तो पाऊस आटल्यावर स्वतःच्या पावसावर तग धरू शकले नाही. त्यानंतर ती टेकाडे ओस पडली.

मधल्या हजार-दीड हजार वर्षांवरून झरझर पुढे जाण्यास हरकत नाही. भीमेच्या काठी यादवकालीन मंदिरे उभी राहिली. दौंडच्या पलीकडच्या तीरावर पेडगाव आहे, तेथील लक्ष्मीनारायणाचे देऊळ त्यांतलेच. मोगलांचा सुभेदार बहादूरखान याने शिवकाळात येथे तळ दिला आणि पेडगावचा किल्ला बहादूरगड या नावाने प्रसिद्धीस आला. किल्ल्याच्या तटाला भीमेचे पात्र लागून आहे. नदीचे पाणी वर चढवण्यासाठी तेथे हत्तींची मोट होती, आणि त्या बांधकामाचे अवशेष आजही पाहावयास मिळतात. संगमेश्वरी कैद झालेल्या छत्रपती संभाजी महाराजांना १६८९च्या फेब्रुवारीत याच बहादूरगडावर औरंगजेबासमोर आणले गेले, आणि ११ मार्च १६८९ रोजी भीमेच्याच काठी त्यांची हत्या झाली. भीमा-इंद्रायणीच्या संगमावरील तुळापूर आणि शिरूर तालुक्यातील वढू बुद्रुक ही दोन्ही गावे त्या स्मृतीची स्थाने आहेत. बहादूरगड ते वढू, तुळापूर हा सगळा प्रवास एकाच नदीच्या कडेने झाला. मोठे सैन्य दख्खनच्या उन्हाळ्यात नदी सोडून कोठे जाणार?

याच काठांनी मराठ्यांना घोडा दिला. भीमेच्या थडीवर वाढलेली, अंगाने लहान पण काटक अशी भीमथडीची तट्टे अटकेपर्यंत गेली, असे मराठी माणूस अभिमानाने सांगतो. आजच्या दौंड आणि बारामती तालुक्यांचा मोठा भाग इंग्रजी अमदानीत भीमथडी नावाच्याच तालुक्यात मोडत असे. तालुक्याचे नाव पुसले गेले; घोड्याचे राहिले, आणि अलीकडे त्याला स्वतंत्र देशी वाण म्हणून शासकीय नोंदही मिळाली.

वसईच्या तहानंतर इंग्रजांची तैनाती फौज पेशव्यांच्या मुलखात आली आणि तिने घोड नदीच्या काठी शिरूरला छावणी केली. जागेची निवड समजण्यासारखी आहे. पुणे-अहमदनगर रस्ता येथे नदी ओलांडतो, आणि फौजेला पाणी व चारा जवळच मिळतो. छावणीमुळे शिरूरला घोडनदी हे दुसरे नाव मिळाले आणि जुन्या माणसांच्या तोंडी ते आजही आहे. या छावणीतील कर्नल विल्यम वॉलेस १८०९ साली वारला. त्याची कबर शिरूरला आहे. १८८५च्या पुणे जिल्हा गॅझेटियरमध्ये एक विलक्षण नोंद आढळते : हा परदेशी सैनिक आसपासच्या खेड्यांत सत्पुरुष म्हणून पुजला जात होता आणि सुगीच्या वेळी शेतकरी पहिले धान्य नैवेद्य म्हणून त्याच्या कबरीवर वाहत. परक्या पावसाचे पाणी जसे या मातीने आपले मानले तसाच परका माणूसही. असो.

१८१७ सालच्या ३१ डिसेंबरच्या रात्री कॅप्टन स्टाँटनची तुकडी याच शिरूरहून पुण्याकडे निघाली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती कोरेगावच्या उंचवट्यावर पोहोचली तेव्हा भीमेच्या पलीकडे पेशव्यांची फौज दिसली. त्या लढाईविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. तुकडीतील महार सैनिकांच्या पराक्रमामुळे, आणि १ जानेवारी १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तेथील जयस्तंभाला दिलेल्या भेटीमुळे, ते स्थान लाखो लोकांच्या स्वाभिमानाशी जोडले गेले आहे. नदीचा इतिहास लिहिणाऱ्याच्या नजरेत आणखी एक गोष्ट भरते. त्या दिवशी गावात कोंडलेले सैनिक रात्रभराच्या चालीनंतर दिवसभर तहानेने व्याकूळ झाले होते. हाकेच्या अंतरावर भीमा वाहत होती, पण तिच्यापर्यंत जाण्याची वाट बंद होती. अंधार पडल्यावरच त्यांना पाणी मिळाले.

नदी हाकेच्या अंतरावर असून पाणी न मिळणे ही या दोन तालुक्यांची नेहमीचीच व्यथा आहे. नद्या खोल पात्रातून वाहतात. काठापासून कोसभर दूर गेले की माळ सुरू होतो, आणि माळावरच्या शेतकऱ्याला नदीचा काही उपयोग नाही. एकोणिसाव्या शतकात या माळावर सरकारी सारा, सावकाराचे कर्ज आणि अमेरिकेतील यादवी युद्ध संपल्यावर कोसळलेले कापसाचे भाव असे तिहेरी ओझे पडले. शिरूर तालुक्यातील कर्डे गावाने १८७४च्या डिसेंबरात सावकारांवर बहिष्कार टाकला. पुढच्या मे महिन्याच्या १२ तारखेला तेव्हाच्या भीमथडीतील सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि खतपत्रे जाळली. दख्खनचे दंगे म्हणून इतिहासात नोंदलेले हे प्रकरण सुरू झाले ते येथे. त्यातून १८७९चा शेतकरी संरक्षणाचा कायदा आला. पण कायदा होण्याआधीच १८७६ ते १८७८चा भीषण दुष्काळ येऊन गेला होता.

त्या दुष्काळाने इंग्रज सरकारला इनामगावच्या शेतकऱ्यांचा धडा पुन्हा गिरवायला लावला. पुण्याजवळ मुठेवर खडकवासल्याचे धरण १८६९मध्ये सुरू झाले होते आणि १८७९च्या सुमारास पूर्ण झाले. त्याचा उजवा कालवा दौंडच्या दिशेने आला, आणि यवत परिसरातील माटोबा तलावासारखी कामे दुष्काळी मजुरांच्या हातून उभी राहिली. दौंडचे भाग्य मात्र पाण्याने नव्हे, लोखंडाने उघडले. पुण्याहून सोलापूरकडे जाणारा लोहमार्ग एकोणिसाव्या शतकाच्या मध्यानंतर लगेच येथून गेला होता. १८७८ साली दौंड-मनमाड मार्ग सुरू झाला, भीमेवर पूल झाला, आणि एक खेडे जंक्शन बनले. पुढच्या दुष्काळांत, १८९६-९७ आणि १८९९-१९००मध्ये, पंडिता रमाबाईंनी दौंड तालुक्यातील केडगाव स्टेशनजवळच्या आपल्या मुक्ति सदनात दूरदूरच्या प्रांतांतून आणलेल्या दुष्काळग्रस्त मुलींना आश्रय दिला. शेकडो मुलींना जगवायचे तर आधी पाणी हवे. नदी दूर, म्हणून विहिरी खोदण्यात आल्या, त्यांवर फळबाग आणि भाजीपाला उभा राहिला. रमाबाईंच्या विद्वत्तेविषयी आणि त्यांच्या बायबलच्या भाषांतराविषयी आपण वाचतो. केडगावच्या माळावर त्यांनी पाण्यासाठी केलेली खटपट तितकीच ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

स्वातंत्र्यानंतर चित्र झपाट्याने बदलले. घोड नदीवर शिरूर तालुक्यात चिंचणी येथे १९६०च्या दशकात धरण झाले. त्यानंतर कुकडी प्रकल्पात माणिकडोह, येडगाव, वडज, पिंपळगाव जोगे आणि डिंभे अशी पाच धरणे घोड-कुकडीच्या खोऱ्यात उभी राहिली. भीमेवर खेड तालुक्यात चासकमान झाले आणि त्याचा कालवा शिरूरच्या माळापर्यंत आला. भीमेच्या खालच्या अंगाला सोलापूर जिल्ह्यात १९८० साली उजनी पूर्ण झाले आणि त्याचा फुगवटा दौंड तालुक्यातील खानवटे, राजेगावकडे सरकला. नदीवर जागोजागी कोल्हापूर पद्धतीचे बंधारे आले. ज्या माळावर बाजरीही नशिबाने यायची तेथे ऊस उभा राहिला. पाटसच्या कारखान्याला भीमेचे नाव मिळाले, न्हावऱ्याच्या कारखान्याला घोडगंगेचे. केडगाव-दौंडच्या पट्ट्यात गुऱ्हाळांची धुराडी पेटली. उसाच्या मागोमाग बिबट्यादेखील आला, आणि आता शिरूरच्या वस्त्यांवर संध्याकाळी दारे लवकर बंद होतात. माळावरच्या माणसाला पहिल्यांदाच नदी लाभली, ही लहान गोष्ट नव्हे. ज्यांनी १९७२च्या दुष्काळात खडी फोडली त्यांच्या नातवंडांनी महाविद्यालयाचे तोंड पाहिले ते याच पाण्यावर.

या पाण्याची किंमत मात्र दुसऱ्याच कोणी मोजली. डिंभे धरणाखाली घोडनेरातील गावे बुडाली. ज्या आंबेगावावरून तालुक्याला नाव मिळाले ते मूळ आंबेगावही त्यांत गेले. विस्थापितांत महादेव कोळी समाज मोठा. भाताची खाचरे पाण्याखाली गेली, आणि कित्येक कुटुंबे काठावरच्या उतारांवर वर सरकून राहिली. कुसुम कर्णिक आणि आनंद कपूर यांच्या शाश्वत या संस्थेच्या साहाय्याने त्यांनी उन्हाळ्यात धरण ओसरल्यावर उघड्या पडणाऱ्या गाळात पेरण्याचा हक्क मागितला, उतारावर दगडी बांध घालून पडकईची शेती केली, जलाशयात मासेमारीची सहकारी संस्था उभी केली. शाश्वतला त्यासाठी २०१२ साली संयुक्त राष्ट्रांशी संबंधित इक्वेटर पुरस्कार मिळाला. दोन वर्षांनी, ३० जुलै २०१४ रोजी पहाटे, याच खोऱ्यातील माळीण गावावर डोंगर कोसळला आणि १५१ माणसे गाडली गेली. जो पाऊस शिरूरला ऊस देतो तोच तेथे कड्यासह खाली येतो.

खालच्या अंगाला नदीची दुसरीच दैना आहे. रांजणगाव सांडस आणि पारगावच्या परिसरात मुळा-मुठा भीमेला मिळते ती पुणे आणि पिंपरी-चिंचवड या महानगरांचे सांडपाणी घेऊन. मुठेचे स्वच्छ पाणी शहर पिते, आणि दौंडच्या वाट्याला त्याचा उतारा येतो. इंग्रजांनी काढलेल्या जुन्या कालव्याला आता बेबी कालवा म्हणतात; त्यात मुंढव्याजवळ उचललेले शहराचे सांडपाणी प्रक्रिया करून सोडण्याची योजना आखली गेली. काठावरच्या विहिरींच्या पाण्याला फेस आणि वास येतो, जलपर्णीने पात्र झाकते, आणि मासा धरून पोट भरणाऱ्या भोई कुटुंबांनी कधीच इतर धंदे शोधले. त्यात भर वाळूची. घोड आणि भीमेने हजारो वर्षांत साठवलेली वाळू यांत्रिक बोटी आणि पंप लावून काही दशकांत उपसली गेली. वाळू नदीचे पाणी धरून ठेवते; ती गेली की पूर सरताच नदी कोरडी पडते आणि काठावरच्या विहिरींची पातळी खाली जाते. इनामगावची नदी हवामानाने आटली असे ढवळीकर सांगतात. आजच्या नदीविषयी असे म्हणता येणार नाही.

पावसाळ्यात वर्तमानपत्रांत रोज एक आकडा छापून येतो : दौंड येथील विसर्ग. वरच्या सर्व धरणांतून सुटलेले आणि सर्व उपनद्यांतून आलेले पाणी दौंडच्या पुलाखालून किती घनफुटांनी उजनीकडे जात आहे, याची ती मोजणी. सोलापूरचा शेतकरी आणि पंढरपूरचा वारकरी दोघेही त्या आकड्याकडे डोळे लावून बसतात, कारण भीमा तेथे चंद्रभागा होते. उन्हाळ्यात दुसऱ्या एका आकड्याची वाट पाहिली जाते, ती आवर्तनाची. कालवा सल्लागार समितीची बैठक बसते, आणि जुन्नर, आंबेगाव, शिरूर, पारनेर, श्रीगोंदा, कर्जत, करमाळा असे तालुके कुकडी प्रकल्पाच्या एकेका दशलक्ष घनफुटासाठी भांडतात. प्रत्येकाची बाजू आपापल्या जागी खरी असते. वरच्याला वाटते पाणी आपल्या हद्दीत साठले म्हणून आपले. खालच्याला वाटते कालवा आपल्यासाठी काढला म्हणून आपले.

ज्यांच्या डोक्यावर तो पाऊस प्रत्यक्ष पडतो त्यांचे नाव या भांडणात क्वचितच ऐकू येते. त्यांची शेते धरणाच्या वर, उतारावर आहेत, आणि कालवा धरणाच्या खाली सुरू होतो. जून ते सप्टेंबर ज्या माथ्यावर धुके आणि पाऊस हटत नाही, त्या आंबेगाव-जुन्नरच्या पश्चिम भागातील आदिवासी वाड्यावस्त्यांवर एप्रिल-मे महिन्यांत पिण्याच्या पाण्यासाठी टँकरची मागणी नोंदवली जाते.